तळपायाला आलेली हाक

साहेब, तुम्ही खोटं लिहिलंत.

चुकून नाही. घाईत नाही. चष्मा पुसून, पाणी पिऊन, शांतपणे खोटं लिहिलंत.

"घटनेच्या वेळी मदतीसाठी कोणताही आवाज आला नाही." हे तुमचं वाक्य. चौकशीचा निकाल वाचून दाखवलात तेव्हा मी समोरच उभा होतो, आईचा हात धरून.

आवाज आला होता.

नंतरही येत होता... अगदी परवापरवापर्यंत.

आता बाकीच्यांसाठी सांगतो, ज्यांना भुताखेतांच्या गोष्टी वाचायची हौस आहे. ही गोष्ट ऐकीव नाही. कुणा मित्राच्या मित्राची नाही. माझ्या घरातली आहे. मेलेली माझी सख्खी बहीण आहे. यात काळोखी रात्र नाही, पडका बंगला नाही, केस मोकळे सोडलेली बाई नाही.

भर दुपार आहे. जेवायची वेळ आहे.

मी घरांच्या जमिनी बसवतो. फळ्या, फरश्या, जे सांगाल ते. लिहिणं माझं काम नाही, तेव्हा शुद्धलेखनाच्या चुका काढत बसू नका. काय म्हणतोय ते बघा.

आमची गल्ली विणकरांची. गल्लीच्या टोकाला गिरणी. चालू मागांची शेड ज्यांनी पाहिली नाही त्यांना सांगून कळायचं नाही. तिथे आवाज कानात शिरत नाही, अंगावर येऊन बसतो. धोटा इकडून तिकडे, तिकडून इकडे, दिवसभर. आणि असे ओळीच्या ओळी माग. काही वर्षं काढली की कान जातात.

माझ्या आईचे गेले. गल्लीतल्या सगळ्याच बायकांचे गेले.

त्यामुळे आमच्याकडे भांडणं समोरासमोर व्हायची. पाठीमागे बोललेलं ऐकणार कोण? "आपल्या गल्लीत चुगल्या नाहीत त्या एवढ्यासाठीच," असं दांडगी मावशी म्हणायची. दांडगी मावशी म्हणजे आईच्या शेजारच्या मागावरची तिची मैत्रीण. तिला ऐकू येत नव्हतं म्हणून ती असं बोलायची की बाकीच्यांनाही येईनासं व्हावं.

शेडमध्ये बोलणं ओठांवरून चालायचं. ओठ दिसत नसले तर पायांनी. शेडची जमीन लाकडी फळ्यांची. टाच आपटली की धक्का फळीतून थेट शेजारणीच्या तळपायात. म्हणून सगळ्याजणी अनवाणी काम करायच्या. चपला दाराशी.

जेवायच्या सुट्टीची घंटा होती. पण ती ऐकणार कोण?

मग एक रीत पडली. वेळ झाली की जिच्या लक्षात येईल तिनं टाच आपटायची. शेजारणीच्या पायाला ते लागलं की तिनंही आपटायची. बघता बघता सगळी शेड ठेका धरायची, एकेक माग बंद पडायचा, आणि बायका हसत हसत अंगणात डबे उघडायला.

ही रीत लक्षात ठेवा.

आईला ऐकू येत नाही म्हणून घरातही तेच. आमच्या घराची जमीनही फळ्यांची. आईला हाक मारायची म्हणजे पाय आपटायचा. माझी हाक एकच, दणकन. बहिणीची वेगळी. दोनदा पटपट... आणि मग एकदा ठासून.

तिचं नाव काहीही असेल, आम्ही तिला भिंगरीच म्हणायचो. एका जागी बसणं तिला माहीतच नव्हतं.

भिंगरी कामाच्या वयाची झाली तेव्हा आईनं घर डोक्यावर घेतलं. मागावर जायचं नाही म्हणजे नाही. "माझे कान गेले तेवढे पुरे. पोरीचे जाऊ देणार नाही." मुकादमाच्या मागे लागून, त्याच्या हातापाया पडून, तिनं भिंगरीला सुकवणीच्या खोलीत लावून घेतलं. ही खोली शेडच्या शेवटाला, त्याच फळ्यांवर. तिथे माग नाहीत. रंगवलेल्या ओल्या सुताच्या लडी लाकडी घोड्यांवर टाकायच्या, खालून गरम हवा, वाळल्या की काढायच्या.

"आई, कान राहतील गं, पण मी वाळून काडी होईन," भिंगरी म्हणायची. आईला ओठ नीट दिसावेत म्हणून तिची हनुवटी धरून म्हणायची.

"काडी हो. बहिरी होऊ नकोस. उद्या लग्न व्हायचंय तुझं."

"मग तर बहिरीच बरी! सासू बोलली तरी कळायचं नाही."

आई हसायची. हसता हसता एक चापट मारायची.

त्या खोलीत उभं राहवायचं नाही इतकी धग. मुली सारख्या श्वास घ्यायला बाहेर यायच्या. दार उघडलं की गरम हवा निघून जायची, सूत वाळायला उशीर व्हायचा. मग वरून हुकूम आला. दाराला बाहेरून कडी. सकाळी मुकादमानं लावायची, जेवायच्या सुट्टीला काढायची.

माणसं आत ठेवून बाहेरून कडी. आणि हे सगळ्यांना ठाऊक होतं.

त्या दिवशी भिंगरीची जोडीदारीण आली नव्हती. ती एकटी आत होती.

पुढचं मला आईनं सांगितलं. एकदाच सांगितलं.

माग चालू होते. आईच्या तळपायाला धक्का लागला. ठक ठक... ठक. तिनं मान वर केली. समोर दांडगी मावशी ओठांनी म्हणत होती, "आज कुणाच्या पोटात एवढ्या लवकर कावळे ओरडतायत?" आणि मावशीनं टाच आपटली. पलीकडच्या दोघींनी आपटली. मग पुढची ओळ. मग सगळी शेड.

आईनंही आपटली. चांगली जोरात. भूक लागली होती तिला.

एवढ्या पायांत ती पहिली हाक कुठल्या कुठे बुडून गेली.

माग थांबले. बायका अंगणात गेल्या. आईनं डबा उघडला नाही. भिंगरी आली की दोघी मिळून उघडायच्या. "मुकादम अजून केबिनमध्येच आहे वाटतं," कुणीतरी म्हणालं. वर काचेची केबिन होती. मुकादम तिथे गिरणीच्या मोठ्या साहेबांपुढे हात बांधून उभा होता.

मग दांडगी मावशीनं शेडच्या टोकाकडे बोट दाखवलं.

झरोक्यातून धूर येत होता.

आई धावली. कडी तिनंच ओढली. कडी इतकी तापली होती की तिचा ठसा तळहातावर उठला. आजही आहे. सरळ पट्टी, टोकाला वाक.

भिंगरी दाराच्या आतच होती. ज्वाळा तिच्यापर्यंत पोचल्या नव्हत्या. धुरानं गेली. दाराशेजारच्या भिंतीला पाठ टेकून, गुडघे पोटाशी घेऊन बसली होती...

कुणी येतोय म्हणाल्यावर आपण बसतो ना, तशी.

ते बसणं तेव्हा आम्हाला कळलं नाही.

साहेब, मग सरकारकडून तुम्ही आलात. चौकशी त्याच काचेच्या केबिनमध्ये ठेवलीत. खाली शेड बंद. माग थांबलेले. मी आईबरोबर होतो, कारण तुमच्या मिशांमुळे तिला तुमचे ओठ वाचता येत नव्हते.

मुकादमानं सांगितलं, कडी नव्हतीच. दार गरमीनं अडकलं. मोठ्या साहेबांनी सांगितलं, आम्ही केबिनमध्ये होतो, आम्हाला काही जाणवलं नाही.

मग आईची पाळी. "बाई, तुम्हाला ऐकू येतं का?" तुम्ही विचारलंत.

"नाही."

"मग आवाज आला हे कसं कळलं?"

"पायाला."

तुमचा लिहून घेणारा फिसकन हसला. तुम्ही त्याला दटावलं नाही. "पायानं ऐकलं? असं लिहू?"

आईनं तळहात पुढे केला. तुम्ही लांबूनच बघितलात. "या कामात भाजतंच."

तेव्हाच ते झालं.

लिहून घेणारा अजून हसत होता. त्याचं तोंड हलत होतं... पण हसणं ऐकू येत नव्हतं.

डोक्यावरचा पंखा फिरत होता. कुरकुर थांबली होती.

मी घसा खाकरला. माझाच घसा... मला ऐकू आला नाही.

आईनं खाली, आपल्या पायांकडे बघितलं. तिचे ओठ हलले. मी वाचले.

"आली."

आणि साहेब, तुम्ही तुमच्या समोरच्या पाण्याच्या ग्लासवर हात ठेवलात. वरून, तळहातानं. दाबून.

मला वाटलं, माशी असेल.

पंखा पुन्हा कुरकुरायला लागला. तुम्ही हात काढलात आणि म्हणालात, "पुढचा साक्षीदार."

निकाल आला. कुणाचा दोष नाही. गिरणी बंद झाली, माग विकले गेले, शेडला टाळं लागलं.

आम्हाला वाटलं, संपलं.

त्यानंतर एका दुपारी मी घरी जेवायला आलो होतो. आई भाजी चिरत होती. मोरीतला नळ ठिबकत होता. शेजारी कुणाचं तरी बाळ किरकिरत होतं.

बाळ थांबलं.

नळाकडे बघितलं. थेंब पडत होते. एकामागून एक, बादलीत, पाण्यावर गोल उठवत... आणि आवाज नाही.

मी "आई" म्हणालो. गळ्यात कंप जाणवला. कानात काहीच नाही.

आईनं विळी बाजूला सारली. उठली. फळीवरून डबा काढला, दोघींचा, मोठा. खुंटीवरची पिशवी घेतली. इतक्या वर्षांची सवय. पायाला ठेका लागला की डबा घ्यायचा.

दारापर्यंत गेली आणि हातातल्या डब्याकडे बघितलं.

त्या वेळचा तिचा चेहरा मी कुणाला सांगणार नाही. तुम्हालाही नाही.

डबा तिनं भिंतीवर भिरकावला. झाकण गडगडत माझ्या पायाशी आलं. आवाज न करता.

मी दार उघडलं. समोरचं दारही उघडत होतं. त्याच्या पलीकडचंही. सगळ्या गल्लीत विणकर बायका आपापल्या उंबऱ्यावर येऊन उभ्या होत्या, अनवाणी. कुणी कुणाकडे बघत नव्हतं.

सगळ्या आपल्या पायांकडे बघत होत्या.

दांडगी मावशीला राहवलं नाही. तिनं टाच आपटली. भीतीनं, सवयीनं, कशानं कोण जाणे. मग दुसरीनं. मग सगळ्या गल्लीनं. आईनंही.

आणि बाळाचं रडणं एकदम कानावर आदळलं. नळ टपटपायला लागला.

"तुझ्याही पायाला आलं?" मावशी ओरडून आईला विचारत होती. "भिंगरीच ना गं ती? भिंगरीच ना?"

मग ते रोजचंच झालं. मावशीनं पाय पाण्याच्या घमेल्यात बुडवून बघितले. कुणी गाद्या अंथरून त्यांवर उभं राहिलं. एकजण माहेरी निघून गेली, नदीपलीकडे. तिथेही आलं. ज्यांचे कान धड होते त्यांना काही ऐकू यायचं नाही. आम्हाला फक्त एवढंच कळायचं, की जग मुकं झालंय.

पण उपाय सापडला होता. पाय आपटला की ते थांबायचं. "आपटा गं बायांनो, शांत होऊ दे लेकराला," मावशी गल्लीभर सांगत फिरायची. दुपार झाली की सगळी गल्ली एकदा दणाणायची, की सुटलो.

एके दिवशी आईनं पाय आपटला नाही.

बाकीच्यांना तिनं हात जोडून थांबवलं. ती भिंतीला धरून उभी राहिली, डोळे मिटून. बराच वेळ. घामानं भिजली. मी तिला हलवलं, तिनं मला ढकललं. शेवटी कुणाला तरी असह्य झालं, लांब कुठेतरी टाच आपटली गेली आणि आवाज परत आले.

आई मटकन खाली बसली.

"आपण आपटतो आणि ती थांबते," ती म्हणाली. "का थांबते रे?"

मी पाण्याचा तांब्या पुढे केला. तिनं तो बाजूला सारला.

"आतून तिला काय कळलं असेल? तिनं हाक मारली. आणि सगळी जमीन हलली. माझी टाच तर ती ओळखायची. तिला वाटलं, आईला कळलं. आई निघाली."

मग तिनं आपल्या टाचेवर हात ठेवला.

"म्हणून थांबली ती. म्हणून बसली. वाट बघत बसली माझी."

दांडगी मावशी दारात उभी होती. तिनं आईचे ओठ वाचले. जन्मात पहिल्यांदा ती बाई हळू आवाजात बोलली. "पहिली टाच माझी होती गं."

आई म्हणाली, "चूक तुझी नव्हती. त्या कडीची होती."

आईला आता एकच हवं होतं. एकदा तरी ते दार, हाक चालू असताना उघडायचं. थांबायच्या आत. आम्ही तुमच्या कचेरीत आलो होतो साहेब, आठवतं? शेडचं टाळं घटकाभर काढा म्हणून. तुम्ही आत होतात. शिपाई म्हणाला, साहेब नाहीत.

मग आम्ही पहार घेतली.

फाटकावरचा पहारेकरी विणकरणीच्याच पोटचा. त्यानं आम्हाला बघितलं आणि पाठ फिरवून बिडी ओढत उभा राहिला.

शेड रिकामी होती. माग गेले होते, फळ्यांवर त्यांच्या पायांचे खड्डे राहिले होते. बायका आपापल्या जागी जाऊन उभ्या राहिल्या. जिथे जिचा माग, तिथे ती. कुणी सांगितलं नव्हतं. आईनं मला बूट काढायला लावले.

"पाय कुणीही हलवायचा नाही," आई म्हणाली. "कितीही झालं तरी."

आम्ही वाट बघत उभे राहिलो.

छतावर कबुतरं घुमत होती...

घुमायची थांबली.

गळे फुगत होते, दिसत होते. आवाज नव्हता.

आणि मग... मला कळलं. पहिल्यांदाच. कानात नाही. तळपायात.

दोनदा पटपट. एकदा ठासून.

ते भूत होतं की काय होतं, मला माहीत नाही. मला एवढंच माहीत आहे की लहानपणी ताप आल्यावर भिंगरी आईला अशीच बोलवायची. त्यात राग नव्हता. भीती होती, आणि आई येणारच अशी खात्री होती. त्या खात्रीनंच मी दाराकडे धावणार होतो; पाय कसेबसे जागीच दाबून धरले.

बायका रडत होत्या. दांडगी मावशीनं आपला गुडघा दोन्ही हातांनी आवळून धरला होता, पाय उचलला जाऊ नये म्हणून. एकीनं ओठ चावून रक्त काढलं. पण एकही टाच पडली नाही.

आई चालत निघाली. हळूहळू, पाय न वाजवता. धक्के वाढत चालले होते.

तेव्हा मी वर बघितलं.

केबिनच्या काचा थरथरत होत्या. दोनदा पटपट. एकदा ठासून. प्रत्येक धक्क्याला काचेवरची धूळ भुरूभुरू गळत होती. आणि त्या केबिनमधून सुकवणीचं दार सरळ समोर दिसतं. दारही आणि कडीही.

म्हणजे त्या दिवशीही काचा थरथरल्या असणार.

आईनं कडी धरली. ठसा ठशावर बसला. तिनं ओढली.

दार उघडलं.

पायाखालचं थांबलं. मध्येच. "दोनदा पटपट" झालं होतं. तिसरी ठक आलीच नाही.

आत कुणी नव्हतं. काळ्या भिंती. जळक्या लडींचा वास. दाराच्या आतल्या फळीवर, टाच पडते तिथे, एक लहानसा खोलगट खड्डा होता. मी जमिनी बसवतो. तसा खड्डा पडायला वर्षं लागतात.

भिंगरीला तिथे कामाला लागून वर्षही झालं नव्हतं.

आई त्या खड्ड्याशेजारी बसली. भिंतीला पाठ टेकून, गुडघे पोटाशी घेऊन. "आले गं," म्हणाली. तिला स्वतःचा आवाज ऐकू येत नाही, म्हणून फार मोठ्यानं म्हणाली. छतावरची कबुतरं उडाली. त्यांचे पंख मला ऐकू आले.

त्यानंतर हाक आली नाही. कुणाच्याच पायाला नाही.

गल्ली सुटली. आई नाही सुटली. दुपार झाली की ती अजून चपला काढून, तळपाय जमिनीला लावून बसते. मी विचारत नाही. तीच म्हणते, "आता नाही येत रे." आणि रडते. ती हाक तिला जाळत होती, पण पोरीची होती.

मलाही चैन नाही. परवा एका घरात फळ्या ठोकत होतो. हातोडी पडत होती, आणि मध्येच हातोडीचा आवाज गेला. क्षणभरच. मी बूट काढून उभा राहिलो. पायाला काही आलं नाही. म्हणजे हाक आता आमच्यासाठी नाही. मग कुणासाठी आहे?

साहेब, तुमच्या नव्या घराच्या जमिनी माझ्याच ओळखीच्या माणसानं बसवल्या. तो सांगतो, तुम्ही सगळ्या खोल्यांत गालिचे टाकून घेतलेत. एकावर एक. न्हाणीघरातसुद्धा. आणि घरात काचेची भांडी ठेवत नाही.

कडी कुणी लावली, ते मी विचारत नाही. ते गल्लीतल्या पोराटोरांनाही माहीत आहे. हुकूम कुणाचा, तेही माहीत आहे.

मला एकच विचारायचंय. ती बहिरी बाई तुमच्यासमोर "आली" म्हणाली, तेव्हा तुमच्या ग्लासातलं पाणी हललं होतं. तुम्ही बघितलंत. मी तुम्हाला बघताना बघितलं. आणि तरी तुम्ही लिहिलंत, आवाज आला नाही.

मग ग्लासवर हात का ठेवलात?

उत्तर द्या.